कालवं आणि स्पॅगेटी

फ्रेंच सिनेमाचा विषय निघाला की आपल्यातलं कुणीतरी हमखास म्हणतं, "तिकडे काय बाबा, घरात सगळं मोकळं असतं." मला या वाक्याचा आता राग येतो. असं म्हणणाऱ्यांनी बहुतेकदा सिनेमा पाहिलेला नसतो, त्यातले चार सीन पाहिलेले असतात.

'ब्लू इज द वॉर्मेस्ट कलर' घ्या. अब्देलातीफ केशिशच्या या सिनेमाला २०१३ साली कान महोत्सवात पाम दोर मिळाला. चर्चा मात्र झाली ती लांबलचक प्रणयदृश्याची. खोटं कशाला बोलू, मीही पहिल्यांदा हेडफोन लावून, मोबाइलचा ब्राइटनेस कमी करून त्याचसाठी पाहिला. पण लक्षात राहिली ती जेवणाची दोन टेबलं. एमाच्या घरी कालवं, वाइन आणि कलेच्या गप्पा. अदेल तिची प्रेयसी आहे, हे आईला आणि सावत्र वडिलांना माहीत. अदेलच्या घरी स्पॅगेटी, आणि एमा म्हणजे फिलॉसॉफीच्या अभ्यासात मदत करणारी मैत्रीण. तिथे एमाला बॉयफ्रेंड असल्याची थाप मारावी लागते. देश एकच, भाषा एकच. फरक आहे तो वर्गाचा.

हा दिग्दर्शकाचा कल्पनाविलास म्हणावा, तर ज्या २६ मे रोजी पाम दोर जाहीर झाला, त्याच दिवशी पॅरिसमध्ये समलिंगी विवाहाच्या नव्याकोऱ्या कायद्याविरोधात प्रचंड मोर्चा निघाला होता. तेही फ्रेंचच.

सेलिन सियामाच्या 'टॉमबॉय'मध्ये (२०११) दहा वर्षांची लोर नव्या वस्तीत मिकाएल नावाचा मुलगा म्हणून वावरते. आईला कळतं. आई दुष्ट नाही, चांगली प्रेमळ आहे. तरी ती लोरला बळेच फ्रॉक घालून शेजाऱ्यांच्या दारात उभी करते.

म्हणजे हे सिनेमे मोकळेपणाची जाहिरात करत नाहीत. घरात बोलणं किती अवघड असतं, हेच ते दाखवतात. आपण मात्र 'तिकडचं वेगळं' म्हणून सुटका करून घेतो. मोकळेपणा त्यांच्या रक्तातच असेल, तर आपल्याला प्रयत्न करायची गरजच उरत नाही!

मीही एकदा घरी एक 'मैत्रीण' जेवायला आणली होती. नोट्स घ्यायला आलीय, असं सांगितलं. आईने तिला आग्रहाने आणखी एक पोळी वाढली, गावाकडची चौकशी केली. मी काहीच बोलले नाही. रात्री स्वतःची समजूत घातली, की आपलं घर काही फ्रेंच नाही.

अदेलचं घर फ्रेंचच होतं.