गाढवाचे मन

वाचकहो, फराळाच्या ताटाशेजारी गाढवाची गोष्ट काढली म्हणून रागावू नका. गेल्या वर्षी आमच्या बोळात घर बांधायला निघाले. बोळ इतका अरुंद की ट्रक आत येईना. म्हणून वाळू वाहायला दोन गाढवे आली. एके दिवशी मात्र एकटेच आले आणि गटारावर टाकलेल्या फळीपाशी जे थांबले ते हलेचना. गॅलरीतून आम्ही शेरा मारला, "शेवटी गाढव ते गाढवच!"

गाढववाले म्हातारबाबा वर बघून म्हणाले, "याचा जोडीदार लंगडतोय, साहेब. घरी ठेवलाय. याचं आज मन लागत न्हाई. आन् फळी बी नवी हाय."

बाबांनी काठी भिंतीला टेकवली, गाढवाला फळी हुंगू दिली आणि स्वतः दोनदा पलीकडे जाऊन आले. तिसऱ्या खेपेला गाढव मुकाट्याने मागोमाग गेले. बाबांनी त्याची मान खाजवली.

आम्ही खजील होऊन चार पुस्तके चाळली. गाढव मूळचे आफ्रिकेच्या रखरखीत मुलखातले; माणसाच्या संगतीत त्याला सुमारे ७००० वर्षे झाली. घोडा भ्याला की उधळतो, गाढव भ्याले की थांबून अंदाज घेते. यालाच आपण हट्ट म्हणतो! रानात ते चारा शोधत दिवसभर हिंडते. खुंट्याला रिकामे बांधले की दोर चावते, लाकूड कुरतडते, लाथा झाडते.

उपाय खर्चाचे नाहीत. पहिला, त्याला एकटे ठेवू नये. वैरण एका ढिगात न टाकता चार ठिकाणी थोडी थोडी ठेवावी, म्हणजे शोधण्यात वेळ जातो. बाभळीची फांदी सोलायला द्यावी. कण्हेर मात्र विषारी, ती दूर ठेवावी. शिकवणी थोडा वेळच, रोज त्याच शब्दांनी. ऐकले की लगेच खाजवावे. मार त्याच्या ध्यानात राहतो, धडा राहत नाही. गाढवाला गुळाची चव काय, असे आपण म्हणतो. चव त्याला उत्तम कळते, म्हणूनच गूळ बेताने! नाहीतर चरबी चढते आणि खूर दुखावतात.

इंग्लंडात सिडमथजवळ १९६९ साली स्थापन झालेली गाढवांची एक संस्था आहे. तेथे जमलेली जोडी फोडत नाहीत. एक दगावले, तर दुसऱ्याला काही वेळ त्याच्याजवळ उभे राहू देतात.

आठवड्याने आमच्या बोळातला जोडीदार परतला. दोघांनी एकमेकांच्या मानेवर मान टाकली आणि फळीवरून ओळीने चालू लागले.

परवा संध्याकाळी आमचे चिरंजीव अपूर्णांकांपाशी अडून बसले. सवयीचा शब्द आमच्या ओठांवर आला होता. तो गिळला, पाट ओढून शेजारी बसलो आणि पहिली दोन उदाहरणे स्वतः करून दाखवली. तिसरे त्याने सोडवले.

फळी नवी होती, इतकेच.