हसायचं कुणाला?

दिल्ली परिसरातल्या मध्यमवर्गावरचा पडद्यावरचा विनोद बहुतेकदा उच्चारांवर भागतो. मोठ्या आवाजाची पंजाबी मावशी, इंग्रजीत अडखळणारा साहेब, बापाची ओळख सांगणारा गाडीवाला. २०१९ साली हॉटस्टारने ‘द ऑफिस’ हिंदीत आणली, तेव्हा ती कागदविक्रीची कंपनी फरिदाबादेत बसवली. फरिदाबाद म्हटलं की दक्षिण दिल्लीला निम्मं हसू आधीच आलेलं असतं. हे हसू स्वस्त आहे, कारण त्यात हसणाऱ्याचं काहीच जात नाही.

फ्रान्समध्ये २००७ ते २०१७ या काळात ‘फे पा सी, फे पा सा’ म्हणजे ‘हे करू नको, ते करू नको’ ही मालिका गाजली. शेजारशेजारची दोन कुटुंबं: लपिक शिस्तीचे, कॅथलिक वळणाचे, बुले मोकळ्या विचारांचे. पण मुलांचा प्रश्न आला की दोघांचीही सारखीच तारांबळ. पुरोगामी प्रेक्षकालाही तिथे लपायला जागा नाही.

आपल्याला हे जमत नव्हतं असं नाही. १९८९ साली जसपाल भट्टींचा ‘फ्लॉप शो’ चक्क सरकारी दूरदर्शनवर लागायचा. औषधांची खोटी बिलं लावणारे कर्मचारी, पीएच.डी.च्या विद्यार्थ्याला घरगड्यासारखं राबवणारे प्राध्यापक. भट्टींचा चोर आपल्याच ओळखीचा, इस्त्रीच्या कपड्यांतला गृहस्थ होता.

विनोद निर्मळ असावा, कुणाला बोचू नये, असं आपल्याकडे सांगितलं जातं आणि दाखला चिमणरावाचा दिला जातो. पण चिं. वि. जोशींचा चिमणराव स्वतःची फजिती स्वतःच सांगतो. दुसऱ्याची बोली चिडवून तो हशा मिळवत नाही.

आज इथलं खरं नाट्य सोसायटीच्या फाटकावर आहे. कामवाल्या बाईंची पिशवी तपासली जाते, त्यांना वेगळी लिफ्ट दाखवली जाते. २०१७ च्या जुलैत नोएडातल्या एका बड्या सोसायटीत घरकामगार आणि रहिवासी आमनेसामने आले, पोलिसांना यावं लागलं. त्या रहिवाशांवरची विनोदी मालिका कुठे आहे?

ती लिहायला हवी. नायक म्हणून फरिदाबादचा साहेब नको. सोसायटीचे सचिव घ्या: सव्वीस जानेवारीला झेंडावंदन करून समतेवर भाषण देणारे, आणि मग बाईंना मज्जाव असलेल्या लिफ्टने वर जाणारे.