हनोईची खाद्यफेरी आणि वगळलेली भूक

१/
हनोईच्या जुन्या वस्तीत एका अरुंद बोळातून आत गेले की अंड्याची कॉफी मिळते. गेल्या डिसेंबरात आमच्या खाद्यफेरीच्या मार्गदर्शिकेने तिची जन्मकथा तेथे सांगितली. १९४६ साल, शहरात दुधाची टंचाई, मेत्रोपोल हॉटेलात काम करणारे न्गुयेन वान जांग, आणि दुधाऐवजी फेटून घातलेला अंड्याचा बलक. सारे हसले, सर्वांनी छायाचित्रे काढली. टंचाई का होती, हे कोणी विचारले नाही. मीही विचारले नाही. प्रस्तुत धागा त्या न विचारलेल्या प्रश्नाविषयी आहे.

२/
'इतिहास आणि खाद्यसंस्कृती' असे त्या फेरीचे नाव होते. सुमारे साडेतीन तासांत आम्ही फो, पावातले सँडविच, भाताच्या पिठाच्या वाफवलेल्या गुंडाळ्या आणि कॉफी असे सर्व काही खाल्ले. प्रत्येक थांब्यावर एकच वाक्य कानी पडे : हा फ्रेंच आणि व्हिएतनामी संस्कृतींचा सुंदर मिलाफ आहे. मार्गदर्शिकेस दोष देण्याचा माझा हेतू नाही. तिला जी संहिता दिली होती, ती तिने आपुलकीने सांगितली. माझा आक्षेप त्या संहितेवर आहे, आणि ती विकत घेणाऱ्या आपल्यावर आहे.

३/
'मिलाफ झाला' या वाक्याचे व्याकरण पाहा. क्रियापद अकर्मक आहे. कोणी काही केले, कोणावर काही लादले, कोणाचे काही हिरावले, यांपैकी कशासही त्या वाक्यात जागा नाही. दोन नद्या मिळाव्यात तशा दोन पाककला आपोआप एकत्र आल्या, असे ते सुचवते. वसाहतीच्या इतिहासात असे आपोआप फार थोडे घडते. म्हणून माझे प्रतिपादन सरळ आहे : ज्या खाद्यफेरीत भूक नाही, कर नाही आणि स्वयंपाकी नाही, तिला इतिहास म्हणू नये.

४/
प्रथम जे मान्य करायला हवे ते मान्य करू. फो हा पदार्थ प्राचीन नाही. तो विसाव्या शतकाच्या आरंभी लाल नदीच्या खोऱ्यात, नाम दिन्ह आणि हनोई या परिसरात आकारास आला. त्याच्या नावाचा संबंध कोणी फ्रेंच 'पो-तो-फ' या रश्श्याशी जोडतात, तर कोणी चिनी गोमांस-शेवयांशी. हा वाद अजून मिटलेला नाही. फ्रेंचांमुळे शहरात गोमांसाची मागणी वाढली आणि खाटिकांकडे हाडे उरू लागली, हे मात्र सर्वसाधारणपणे मान्य आहे.

५/
परंतु हाडे उरणे म्हणजे पाककृतीची देणगी मिळणे नव्हे. साहेबाच्या ताटासाठी मांस गेले, मागे हाडे राहिली. त्या हाडांना तासन् तास उकळून, त्यांत चक्रीफूल आणि दालचिनी घालून, तांदळाच्या शेवयांवर ओतण्याची युक्ती खांद्यावर कावड घेऊन गल्लोगल्ली फिरणाऱ्या विक्रेत्यांची होती. या कथेतला कर्ता तो कावडवाला आहे. मिलाफाच्या कथेत तोच दिसत नाही.

६/
कर्ता गाळण्याची ही सवय पुलापर्यंत पोहोचते. लाँग बिएन पूल दाखवताना 'आयफेलने बांधलेला' असे सर्रास सांगितले जाते. पुलावरची पाटी मात्र 'देदे व पिये' या पॅरिसच्या कंपनीचे नाव आणि १८९९-१९०२ ही वर्षे सांगते. तो उभारण्यासाठी तीन हजारांहून अधिक स्थानिक मजूर राबले. प्रसिद्ध नाव चुकीचे असूनही लक्षात राहते. ज्यांनी पूल प्रत्यक्ष बांधला, ते लक्षात राहत नाहीत.

७/
आता कॉफीच्या त्या बोळातून बाहेर पडून थोडे चालू. जुन्या वस्तीतील गल्ल्यांची नावे तेथे विकल्या जाणाऱ्या मालावरून पडली आहेत. जवळच 'हांग माम' आहे, म्हणजे माशाच्या आंबवलेल्या रसाची गल्ली. तिच्या शेजारीच 'हांग मुओई' आहे, म्हणजे मिठाची गल्ली. ही दोन नावे शेजारी असणे स्वाभाविक आहे, कारण मीठ आणि मासा यांवाचून नुओक माम होत नाही, आणि नुओक मामवाचून व्हिएतनामी जेवण होत नाही. आमची फेरी तेथे थांबली नाही.

८/
तेथे थांबलो असतो तर पॉल दुमेर यांचे नाव घ्यावे लागले असते. १८९७ ते १९०२ या काळात ते इंडोचायनाचे गव्हर्नर-जनरल होते. वसाहतीचा खर्च वसाहतीनेच भागवावा, यासाठी त्यांनी मीठ, मद्य आणि अफू या तीन वस्तूंवरील सरकारी मक्तेदारी बळकट केली. मिठागरवाल्याने मीठ ठरलेल्या भावाने सरकारलाच विकायचे, आणि त्याच समाजाने ते कितीतरी चढ्या भावाने सरकारकडूनच घ्यायचे, अशी ती व्यवस्था होती.

९/
मराठी वाचकास हे समजावून सांगण्याची गरज नसावी. १९३० साली शिरोड्याच्या मिठागरांवर लोक का गेले, हे आपण शाळेत शिकलो आहोत. मिठावरील कर थेट गरिबाच्या भाकरीवर बसतो. हनोईत तो माशाच्या रसावर आणि खारवलेल्या मासळीवर बसला. तरीही तोच रस बशीत वाढताना आपल्याला सांगितले जाते की येथे दोन संस्कृतींचा स्नेहमेळावा भरला होता.

१०/
मद्याची कथा याहून बोलकी आहे. खेड्यापाड्यांत चिकट तांदळापासून घरोघरी मद्य गाळले जाई. पूर्वजांच्या पूजेत ते लागे. मक्तेदारी आल्यावर ते गाळणे गुन्हा ठरले. कारखान्यातील मद्य विकत घेणे भाग पडले, आणि त्याची चव लोकांना मुळीच रुचली नाही. चोरट्या भट्ट्यांच्या शोधासाठी घरझडत्या होत, खबरे पोसले जात. म्हणजे फ्रेंच राज्य स्वयंपाकघरात खरोखरच शिरले होते, परंतु ते झडती घेण्यासाठी.

११/
स्वयंपाकघरानेही एकदा उत्तर दिले. २७ जून १९०८ रोजी हनोईतील फ्रेंच छावणीच्या रात्रीच्या जेवणात व्हिएतनामी आचाऱ्यांनी धोतऱ्याचे विष कालवले. सैनिक निपचित पडताच शहर ताब्यात घ्यायचे, असा बेत होता. डोंगराळ येन थे भागात लढणाऱ्या दे थाम यांच्या बंडाशी त्याचा संबंध होता. सुमारे दोनशे सैनिक आजारी पडले, कोणी दगावले नाही, आणि बेत फुटला.

१२/
तेरा जणांना देहदंड झाला. पहिल्या तिघांच्या शिरच्छेदाची छायाचित्रे पोस्टकार्डांवर छापून विकली गेली. फ्रेंच ताटात व्हिएतनामी हाताने पडलेल्या पदार्थांचा इतिहास सांगायचा असेल, तर हा प्रसंग त्यात यायलाच हवा. विष कालवणे योग्य की अयोग्य, यावर आपण अवश्य वाद घालू. परंतु ज्या शहरात आचारी हे करण्यास प्रवृत्त झाले, त्याचे वर्णन 'मिलाफ' या शब्दाने होत नाही.

१३/
पुढचा थांबा होआ लो तुरुंग. फेरीत तो आम्ही रस्त्याच्या पलीकडून पाहिला. 'होआ लो' या शब्दाचा अर्थ शेगडी. फू खान्ह नावाच्या गावात मातीच्या शेगड्या घडवल्या जात. १८९६ मध्ये तुरुंगासाठी ते गाव हलवण्यात आले. म्हणजे ज्यांच्या शेगड्यांवर हे शहर शिजवून खात होते, त्यांचीच वस्ती उठवून तेथे कोठड्या बांधल्या. नाव तेवढे शेगडीचे राहिले. खाद्यफेरीस याहून समर्पक थांबा कोणता असू शकतो?

१४/
आता मूळ प्रश्नाकडे येऊ. १९४४-४५ च्या हिवाळ्यात आणि वसंतात उत्तर व्हिएतनाममध्ये भीषण दुष्काळ पडला. मृतांचे अंदाज ४ लाखांपासून २० लाखांपर्यंत आहेत. सर्वाधिक फटका बसलेल्या प्रांतांत थाय बिन्ह आणि नाम दिन्ह होते. होय, तेच नाम दिन्ह, ज्याला फोचे जन्मस्थान म्हणून आदराने दाखवले जाते. तेथून माणसे अन्नाच्या शोधात हनोईपर्यंत चालत आली आणि रस्त्यांवर मेली.

१५/
निसर्गाचा वाटा त्यात होताच. १९४४ मध्ये वादळे झाली, पूर आले, पीक बुडाले. तथापि तेवढ्याने एवढी माणसे मरत नाहीत. जपानी सैन्यासाठी धान्याची सक्तीची वसुली चालू होती, आणि ती फ्रेंच प्रशासनामार्फत, अत्यल्प भावाने होई. भाताच्या जमिनीत ताग आणि तेलबिया लावण्याची सक्ती होती. दोस्तांच्या बाँबफेकीने रेल्वे आणि किनारी वाहतूक मोडली होती. दक्षिणेत तांदूळ होता. तो उत्तरेस पोहोचला नाही, आणि तिकडे वीजनिर्मितीसाठी जाळलाही गेला.

१६/
छायाचित्रकार वो आन निन्ह यांनी टिपलेली त्या दुष्काळाची छायाचित्रे उपलब्ध आहेत. हनोईत गोळा केलेले मृतदेह जेथे पुरले, त्या होप थिएन दफनभूमीच्या जागी, किम न्गू रस्त्याच्या एका गल्लीत, स्मारक आहे. जुन्या वस्तीपासून ते तीन-चार किलोमीटरवर असेल. पर्यटकांची वाहने तेथे क्वचितच वळतात. फेरी संपल्यावर दुसऱ्या दिवशी तेथे जाऊन आल्यावरच मला अंड्याच्या कॉफीचा प्रश्न सुचला. उशिरा सुचला, हे कबूल करतो.

१७/
आता उत्तर पाहा. १९४६ हे त्या दुष्काळानंतरचे पहिले वर्ष. चीनच्या राष्ट्रवादी फौजा अजून उत्तरेत होत्या, त्यांनाही खायला लागत होते. मार्चमध्ये फ्रेंच सैन्य हनोईत परतले. १९ डिसेंबरला शहरात उघड युद्ध पेटले. कॉफीत पडणारे दूध बहुतांशी डब्यातून, समुद्रमार्गे येई. अशा वर्षी दूध दुर्मीळ झाले, यात नवल ते काय? त्या पेल्यामागे गमतीदार तडजोड नाही, एक उद्ध्वस्त प्रदेश आहे. हे कळल्याने कॉफी कडू होत नाही. ती बनवणाऱ्याविषयीचा आदर मात्र वाढतो.

१८/
आक्षेप पहिला : 'लोक सुटीवर आहेत, त्यांना दुष्काळ कशाला ऐकवता?' ठीक आहे. मग फेरीच्या नावातून 'इतिहास' हा शब्द काढा आणि निव्वळ खाऊ घाला, माझी काहीच तक्रार नाही. इतिहासाच्या नावाने पैसे घ्यायचे आणि त्यातील फक्त गोड भाग वाढायचा, याला आपण दुकानदारी म्हणतो.

१९/
आक्षेप दुसरा : 'तेथील लोकांनाच ते विसरायचे आहे.' हे खरे नाही. समाजवादी काळात, शिधापत्रिका आणि रांगा असताना, सरकारी दुकानांतील मांसाविना फोला हनोईकरांनी 'वैमानिकाविना फो' असे नाव दिले होते. अमेरिकेची मानवरहित टेहळणी विमाने तेव्हा डोक्यावर फिरत, त्यावरून ही थट्टा. २००६ साली हनोईच्या मानववंशशास्त्र संग्रहालयाने त्या टंचाईच्या काळावर स्वतंत्र प्रदर्शन भरवले होते. लोक विसरलेले नाहीत. पर्यटकापुरती ती आठवण झाकून ठेवली आहे.

२०/
आक्षेप तिसरा : 'हा केवळ फ्रेंचद्वेष आहे.' वरील यादी पुन्हा वाचा. दुष्काळात जपानी सैन्य आहे, फ्रेंच प्रशासन आहे, दोस्तांचे बाँबही आहेत. मांसाविना फोच्या कथेत अमेरिकेशी युद्ध आहे आणि तेथील सरकारची फसलेली वितरणव्यवस्थाही आहे, जी बदलण्याचा निर्णय १९८६ च्या 'दोई मोई' सुधारणांनी घेतला. मी कोणा एका खलनायकाची मागणी करत नाही. वाक्याला कर्ते असावेत, एवढेच म्हणतो.

२१/
आणि हे आपल्या घरचेही प्रकरण आहे. 'इंग्रजांनी रेल्वे दिली, चहा दिला' हे वाक्य ऐकताच या माध्यमावर आपण तुटून पडतो. मालवाहतूक कोणासाठी, मळ्यांत मजूर कोण, १९४३ साली बंगालमध्ये काय झाले, हे सारे पुराव्यानिशी मांडतो. तेच आपण विमानाने हनोईस उतरतो आणि 'फ्रेंचांनी पाव दिला, कॉफी दिली' हे वाक्य आनंदाने गिळतो. परक्यांचा इतिहास आपल्याला चवीपुरता हवा असतो.

२२/
म्हणून इतिहासाच्या तरुण वाचकांस विनंती. कोणत्याही शहरातील खाद्यफेरीस जाल, तेव्हा तीन प्रश्न विचारा. हा पदार्थ प्रथम कोणी शिजवला आणि तो कोणाच्या चाकरीत होता? यातील कोणत्या जिन्नसावर कोणाचा कर किंवा मक्ता होता? आणि हा पदार्थ ज्यांना मिळाला नाही, ते कोण होते? उत्तर मिळाले नाही तरी चालेल. प्रश्न कानावर पडत राहिले, तर संहिता बदलते.

२३/
२ सप्टेंबर १९४५ रोजी हनोईच्या बा दिन्ह चौकात हो ची मिन्ह यांनी स्वातंत्र्याची घोषणा वाचली. त्या छोट्याशा दस्तऐवजात बळकावलेल्या भातशेतीचा उल्लेख आहे, लादलेल्या मद्याचा आणि अफूचा आहे, आणि त्या वर्षी भुकेने गेलेल्या वीस लाखांहून अधिक देशबांधवांचा आहे. त्या देशाने स्वतंत्र झाल्याचे जगाला सांगताना अन्नाचा इतिहास असा सांगितला होता. त्याच शहरात खाद्यफेरी काढणाऱ्यांनी तो निदान एकदा वाचावा.

धागा समाप्त. तथ्यांत चूक आढळल्यास पुराव्यासह अवश्य सांगा, दुरुस्त करीन.