बंदोबस्त गर्दुल्ल्याचा की गर्दच्या बाजाराचा?

ठाणे किंवा कल्याण स्थानकाच्या परिसरात चोऱ्या वाढल्या की ‘गर्दुल्ल्यांचा बंदोबस्त करा’ अशी मागणी होते. पोलीस दहा-वीस जणांना उचलतात आणि सुशिक्षित डोंबिवलीकर समाधान पावतो. हे समाधान खोटे आहे.

गर्दुल्ल्याचा दिवस कसा जातो? पहाटे अंग मोडून येते, नाकाडोळ्यांतून पाणी वाहते, पोटात पीळ पडतो. त्याच्या भाषेत ही ‘टर्की’. ती थांबवायला पुडी हवी, पुडीला पैसा हवा. मग भंगार वेचणे, हमाली, उसनवारी आणि अखेरीस चोरी. एक पुडी ओढून होते न होते तोच दुसरीची विवंचना सुरू होते. सुखासाठी धरलेला गर्द आता केवळ वेदना टाळण्यासाठी घ्यावा लागतो. अशा माणसाला चैनी म्हणणे ही क्रूर थट्टा होय.

अर्थशास्त्राच्या दृष्टीने हे बांधलेले गिऱ्हाईक आहे. भाव वाढला तरी त्याची मागणी फारशी घटत नाही. वाढतात त्या चोऱ्या. म्हणूनच किरकोळ धरपकडीने हा व्यापार बुडत नाही. 2016 साली ठाणे पोलिसांनी सोलापूरच्या एका औषध कारखान्यातून एफेड्रिनचा टनावारी साठा जप्त केला. टनांचा व्यवहार फलाटावर झोपणारा करीत नसतो. त्याला भांडवल लागते.

1985च्या अमली पदार्थविरोधी कायद्याचे कलम 27 गर्द ओढणाऱ्याला एक वर्षापर्यंत कारावास सांगते. त्याच कायद्याचे कलम 64 अ सरकारी वा सरकारमान्य संस्थेत स्वेच्छेने उपचार घेणाऱ्याला खटल्यापासून संरक्षण देते. मात्र उपचार अर्धवट सुटला तर ते काढूनही घेता येते. म्हणजे तुरुंग की दवाखाना, हे खाट मिळते की नाही यावर ठरते. खासगी केंद्राचे शुल्क ज्याला परवडत नाही, त्याच्यासाठी हे कलम कागदावरच राहते.

व्यसनी हा बरा होऊ शकणारा रुग्ण आहे, हे पुण्यात 1986 साली सुरू झालेल्या मुक्तांगणने सिद्ध केले आहे. परंतु रुग्णाचा हक्क एखाद्या संस्थेच्या सेवाभावावर सोपवून शासनाला हात झटकता येणार नाहीत. ठाणे आणि कल्याण-डोंबिवली महापालिकांच्या रुग्णालयांत व्यसनमुक्तीच्या मोफत खाटा किती, औषध रोज मिळते काय, बरा झालेल्याला काम कोण देणार, हे प्रश्न कार्यकर्त्यांनी वॉर्डावॉर्डांतून विचारले पाहिजेत. बंदोबस्त करायचाच असेल तर तो नफेखोरांचा करा. गर्दुल्ल्याला खाट द्या.