मुक्तीच्या इतिहासातील मुक्या साक्षी

दरवर्षी १७ सप्टेंबरला हैदराबादच्या मुक्तीचा ध्वज फडकतो आणि मराठवाड्यापासून बीदर-भालकीपर्यंतच्या जनतेचा ऊर अभिमानाने भरून येतो. हा अभिमान रास्त आहे. रझाकारांच्या अत्याचारांनी गांजलेल्या मुलखाने १९४८ साली भारतीय फौजांचे स्वागत केले, ते उगाच नव्हे. रझाकारांनी ज्या स्त्रियांची विटंबना केली, त्यांचे दुःख आम्ही विसरलेलो नाही. परंतु त्या मुक्तीच्या पाठोपाठच ज्या दुसऱ्या स्त्रियांवर घाला पडला, त्यांच्याविषयी आम्ही मौन धरले आहे. ते आता सुटले पाहिजे.

पोलिस कारवाईनंतर उसळलेल्या सूडाची चौकशी करण्यासाठी पंडित सुंदरलाल, काझी अब्दुल गफार आणि मौलाना अब्दुल्ला मिसरी हे १९४८ च्या अखेरीस संस्थानात फिरले. १६ पैकी ९ जिल्हे त्यांनी पाहिले. मृतांचा त्यांचा अंदाज २७ ते ४० हजारांचा होता. सर्वाधिक झळ उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर व नांदेड यांना, म्हणजे आमच्याच परिसराला पोचली. मुसलमान स्त्रियांवर बलात्कार झाले, काहींना पळवून पार सोलापूर-नागपूरपर्यंत नेण्यात आले, असे त्यांनी नमूद केले. लष्कराने अनेक ठिकाणी लोकांचे रक्षण केले, हे त्यांनी मान्य केले; तसेच काही सैनिक व स्थानिक पोलिस लुटीत आणि अन्य गुन्ह्यांत सामील होते, हेही त्यांनी लपविले नाही.

त्या अहवालाचे पुढे काय झाले? तो सरकारी दप्तरात दीर्घकाळ पडून राहिला. फाळणीत पळविलेल्या स्त्रियांच्या सुटकेसाठी १९४९ मध्ये कायदा झाला. पण तो पूर्व पंजाब, दिल्ली, संयुक्त प्रांत, पतियाळा संघ व राजस्थान यांपुरताच होता. हैदराबादच्या लेकींना त्यात स्थान नव्हते.

जुनी खपली कशाला काढता, असे कोणी म्हणेल. पण जखम जिची, तिला हे कोणी विचारले काय? बांगलादेशाने १९७१ च्या पीडित स्त्रियांना 'वीरांगना' म्हणून गौरविले आणि २०१५ मध्ये त्यांतील काहींना मुक्तियोद्ध्यांचा दर्जाही दिला. आमच्या मुलखातील त्या स्त्रियांना साधी नोंदही मिळू नये?

हा प्रश्न केवळ गतकाळाचा नव्हे. सैनिकाकडून होणारा लैंगिक अत्याचार सामान्य फौजदारी कायद्याखालीच यावा, अशी शिफारस न्यायमूर्ती वर्मा समितीने २०१३ मध्ये केली. तरीही १९५० च्या लष्करी कायद्याचे ७० वे कलम युद्धसेवेच्या प्रसंगी बलात्काराचा खटला लष्करी न्यायालयापुढे नेण्याची मुभा ठेवते. पीडिता नागरी असो वा स्वतः गणवेशातील असो, आरोपीच्याच वरिष्ठांच्या दारी तिने न्याय मागावा, हे न्यायाला शोभत नाही.

आमची मागणी स्पष्ट आहे. सुंदरलाल अहवाल मराठी, कन्नड, तेलुगू व उर्दूत प्रसिद्ध व्हावा. मुक्तिदिनी दोन्ही बाजूंच्या पीडित स्त्रियांचे स्मरण व्हावे. वर्मा समितीची शिफारस अमलात यावी. आज त्यांतील एखादी हयात असली, तरी ती नव्वदीच्या घरात असेल. तिच्या डोळ्यांदेखत हे घडावे. अन्यथा ज्या मुक्तीचा आम्ही जयघोष करतो, ती तिच्या उंबरठ्यापर्यंत कधी पोचलीच नाही, असेच म्हणावे लागेल.