गाव विट्याचे, शाळा मदुराईची

खानापूर-आटपाडीचा, नाहीतर साताऱ्याकडचा खटाव-माणचा गलाईवाला भारतात कोठे नाही? सोने-चांदी गाळण्याच्या धंद्यापायी बिऱ्हाड मदुराईस असो की दिल्लीस, जत्रेला आणि लग्नकार्याला गावच खरे. हे मुलाला पटवावे लागत नाही. प्रवेश-अर्जाला मात्र लागते!

मुलगा दहावी-बारावी तिकडेच झाला आणि मिरजेच्या सरकारी वैद्यकीय महाविद्यालयाचे नाव काढू लागला, की वडील वकील शोधू लागतात. राज्याच्या कोट्याला नुसता अधिवासाचा दाखला पुरत नाही. दहावी-बारावीही महाराष्ट्रातच व्हावी लागते. बदलीवर जाणाऱ्या सरकारी नोकरांच्या मुलांना काही सवलत आहे, गलाईवाल्याच्या मुलाला नाही. उरल्या 15 टक्के अखिल भारतीय जागा. तेथे चुरस साऱ्या देशाशी. आणि गंमत पाहा, अभियांत्रिकीला आईचा किंवा वडिलांचा अधिवासही चालतो!

कोर्टात जावे म्हणाल, तर 1955 सालीच डी. पी. जोशी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने जन्मस्थान निराळे नि रहिवास निराळा ठरवून इंदूरच्या महाविद्यालयातली रहिवाशांची फी-माफी उचलून धरली. 1984 साली प्रदीप जैन खटल्यात अधिवास साऱ्या भारताचा एकच म्हटले, तरी एम.बी.बी.एस.ला स्थानिकांचा वाटा राहू दिला. पदव्युत्तर वैद्यकीय जागांवरचा रहिवासाचा वाटा 29 जानेवारी 2025 रोजी घटनाबाह्य ठरला. पण तिथवर पोचायला आधी एम.बी.बी.एस. हवे ना?

म्हणून मदुराईच्या बिऱ्हाडात आता धाकटीचे घाटते आहे. ती आठवीत आहे. नववीला तिला विट्याला, आजीकडे धाडायची का? आई अजून हो म्हणालेली नाही.