तिच्या वाट्याचं थांबणं

रात्रीची वेळ, पाऊस लागलेला. बसथांब्यावर एका छत्रीत दोघं उभी आहेत. सकाळपर्यंत त्याला छावणीत हजर व्हायचंय. त्याचा हात हळूच तिच्या हाताला लागतो, थोडा थबकतो, आणि मग बोटांत बोटं गुंततात. तैवानचा दिग्दर्शक होउ शाओ-शिएनच्या ‘थ्री टाइम्स’ (२००५) या चित्रपटातल्या तीन गोष्टींपैकी पहिली इथं संपते. दरवेळी मी ती श्वास रोखून पाहतो.

साल १९६६, गाव काओशुंग. सैन्यात भरती झालेला तरुण बिलियर्ड्सच्या अड्ड्यावर काम करणाऱ्या मुलीला पत्र लिहितो. रजेवर येतो, तर ती नोकरी बदलून दुसरीकडे गेलेली. तो गावोगाव तिला शोधत फिरतो. पडद्यावर गावांच्या पाट्या एकामागून एक येत राहतात. अखेर ती भेटते तेव्हा दोघांनाही हसू आवरत नाही.

हे पाहून कुणी म्हणतं, त्या काळी प्रेमाला सवड होती. मला ते पटत नाही, आणि त्याला कारण चित्रपटातली दुसरी गोष्ट आहे.

कलाकार तेच, शू ची आणि चांग चेन, पण साल १९११. तैवान जपानच्या ताब्यात आहे. दादाओचेंगमधल्या कोठीवरची एक कलावंतीण आणि तिच्याकडे येणारा लेखक. होउ ही गोष्ट मूकपटासारखी सांगतो, संवाद पाट्यांवर येतात. इथं तर सवडच सवड आहे! पण तिला त्या घराबाहेर पाऊल टाकता येत नाही. रखेल ठेवण्याच्या प्रथेविरुद्ध तो लिहितो, आणि तिथल्याच धाकट्या मुलीला एका घरात रखेल म्हणून जाता यावं यासाठी पैसेही देतो. एकदा ती विचारते, माझं पुढं काय? तो गप्प. नंतर त्याचं पत्र येतं, त्यात देशाचं दुःख असतं.

पहिल्या गोष्टीतलं थांबणं गोड वाटतं, कारण तिथं ती हवं तेव्हा गाव सोडते आणि वणवण त्याच्या वाट्याला येते. १९११मध्ये थांबणं फक्त तिच्या वाट्याचं. तिसऱ्या गोष्टीतल्या २००५च्या तैपेईत मोबाइलवर निरोप क्षणात पोचतो, तरी कुणी कुणाजवळ पोचत नाही. हा भाग मला बाकीच्या दोन भागांइतका भिडला नाही.

होउ स्वतः काओशुंगजवळच्या फेंगशानमध्ये वाढला. २०२३मध्ये त्याच्या कुटुंबानं कळवलं की त्याला अल्झायमर झालाय, आता तो चित्रपट करणार नाही. बातमी वाचली त्या रात्री पहिली गोष्ट पुन्हा लावली. या वेळी नजर हातांवर नव्हती, एकेक पाटी वाचत बसलो.